अँकर व्हायचंय? आधी बूम (रिपोर्टरचा माइक) हातात घ्या

तुम्ही लिहिलंय की लातूरला बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहात, आवाजाचं सगळे कौतुक करतात, आणि मुंबईतला अँकरिंगचा महागडा कोर्स करावा का ते ठरत नाहीये. माझं ऐकाल तर त्यात पैसे घालू नका. पत्रकारिता शिकायचीच असेल तर पुण्याचं रानडे इन्स्टिट्यूट आहे, अमरावतीला आयआयएमसी (भारतीय जनसंचार संस्था) आहे. कॅमेऱ्यापुढे बसायचं कसं, हे चॅनलवाले शिकवतातच.

निव्वळ आवाजावर निभावायचे दिवस दूरदर्शनचे. भक्ती बर्वे, स्मिता पाटील, प्रदीप भिडे बातम्या वाचायचे ते ठरलेल्या वेळी, हातात लिहिलेली बातमी घेऊन. (भिड्यांसारखे स्वच्छ उच्चार आज किती जणांचे आहेत, ते सोडा.) २००७ मध्ये झी २४ तास, स्टार माझा (आताचं एबीपी माझा) ही चोवीस तास बातम्यांची चॅनल आली आणि कामच बदललं. आता समोर मजकूर दाखवणारा प्रॉम्प्टर असतो, पण मोठी बातमी फुटते तेव्हा तो नेमका कोरा असतो.

२३ नोव्हेंबर २०१९ ची सकाळ आठवा. पेपरात उद्धव ठाकरे मुख्यमंत्री होणार, आणि आठच्या सुमाराला टीव्हीवर राजभवनात फडणवीस आणि अजित पवार शपथ घेताहेत! अशा वेळी स्क्रिप्ट कुठली? कानात पीसीआरमधून, म्हणजे स्टुडिओच्या कंट्रोल रूममधून, एकच घोषा, ‘बोलत राहा, रिपोर्टर जोडतोय.’ बोलणार काय? २८८ चं सभागृह, बहुमताला १४५. भाजप १०५, शिवसेना ५६, राष्ट्रवादी ५४, काँग्रेस ४४, हे तोंडपाठ हवं. राष्ट्रपती राजवट पहाटे ५.४७ ला उठली, याचा अर्थ सांगता यायला हवा. अजित पवार विधिमंडळ पक्षाचे गटनेते होते म्हणून त्यांच्याकडच्या आमदारांच्या सह्यांच्या पत्राला वजन होतं, हेही. विधानभवनाच्या पायऱ्यांवर बाइटसाठी (नेत्याच्या दोन वाक्यांच्या प्रतिक्रियेसाठी) धक्के खाल्लेला माणूस हे झोपेतून उठवलं तरी सांगतो. नुसत्या गोड आवाजाचा माणूस ‘मोठी बातमी, मोठी बातमी’ करत बसतो.

म्हणून आधी रिपोर्टिंग. लातुरातच सुरुवात करता येते. उद्या आडत बाजारात जा, सोयाबीनचा भाव काढा, हमालाशी आणि आडत्याशी बोला, मोबाइलवर एका दमात पीटीसी करा, म्हणजे कॅमेऱ्याकडे बघून बातमी सांगा. त्यात ‘या ठिकाणी’ आणि ‘आपण पाहू शकता’ एकदाही येऊ देऊ नका. करून बघा, घाम फुटतो. जिल्ह्यात स्ट्रिंगर, म्हणजे पगारी नसलेला बातमीदार, म्हणूनही काम मिळतं, पण बहुतेकांना बातमीमागे पैसे मिळतात आणि तेही वेळेवर मिळतील याचा भरवसा नाही. घरच्यांना हे आधीच सांगून ठेवा.

इंटर्नशिप मिळाली तर स्टुडिओसाठी हट्ट धरू नका, असाइनमेंट डेस्क मागा, म्हणजे रिपोर्टरांना कामं वाटून देणारा विभाग. राज्यभरातल्या रिपोर्टरांचे फोन तिथेच येतात. कोण खात्रीने सांगतो आणि कोण ऐकीव, ते चार दिवसांत कळायला लागतं. अँकरच्या सुट्ट्या निघतातच, आणि पहाटेचं बुलेटिन कोणालाच नको असतं. ते मागून घ्या.