स्टीव्हन्सनची प्रवासवर्णनं आणि निबंध वाचायचे असतील तर सुरुवात कुठून करावी?

'ट्रेझर आयलंड' आवडलं, आता रॉबर्ट लुई स्टीव्हन्सनचं प्रवासलेखन आणि निबंधही वाचावेत का, असं तुम्ही विचारलंय. जरूर वाचा. मला तर त्याच्या कादंबऱ्यांपेक्षा हेच लेखन जास्त जवळचं वाटतं.

बहुतेक जण तुम्हाला 'ट्रॅव्हल्स विथ अ डाँकी' सुचवतील. १८७८ च्या शरद ऋतूत दक्षिण फ्रान्समधल्या सेव्हेनच्या डोंगराळ मुलखात तो बारा दिवस पायी हिंडला, सोबतीला सामान वाहणारी मॉडेस्टीन नावाची गाढवीण. ती त्याने पासष्ट फ्रँक आणि एक ग्लास ब्रँडी देऊन विकत घेतली होती. पाइनच्या रानात उघड्यावर झोपलेल्या रात्रीचं प्रकरण तर सावकाश वाचण्यासारखं आहे. सकाळी निघताना तो रात्रीच्या मुक्कामाचं भाडं म्हणून वाटेवरच्या गवतावर नाणी ठेवत जातो. पुस्तक फार गोड आहे. पण हा हौसेने भटकणारा तरुण आहे, कंटाळा आला की घरी परतू शकणारा.

म्हणून मी आधी 'द अमॅच्युअर एमिग्रंट' वाचायला सांगेन. १८७९ मध्ये आपली प्रेयसी (पुढे बायको) फॅनी ऑसबोर्नला भेटण्यासाठी तो घरच्यांना न सांगता ग्लासगोहून अमेरिकेच्या बोटीवर चढला. पोटापाण्यासाठी देश सोडून निघालेली माणसं त्याच बोटीवर होती. त्याने सर्वांत स्वस्त वर्गाच्या जरा वरचं तिकीट काढलं, कारण लिहायला टेबल हवं होतं. एकदा वरच्या वर्गातला एक गृहस्थ आणि दोन तरुणी या गरीब उतारूंमधून कौतुकाने हसत, जपून पावलं टाकत फेरी मारून जातात. स्टीव्हन्सन तेव्हा बघणाऱ्यांत नाही, ज्यांच्याकडे बघितलं जातंय त्यांच्यात आहे, आणि तो अपमान त्याच्या जिव्हारी लागतो. असा प्रसंग त्या काळच्या सुखवस्तू घरातल्या लेखकाकडून वाचायला मिळणं विरळाच. वडिलांनी पैसे भरून हे पुस्तक छपाईआधीच मागे घ्यायला लावलं. ते निघालं १८९५ मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर, तेही काटछाट होऊन.

पुढचा रेल्वेप्रवास 'अक्रॉस द प्लेन्स'मध्ये आहे. स्थलांतरितांच्या गाडीत बायकामुलांचा डबा वेगळा, एकट्या पुरुषांचा वेगळा आणि चिनी मजुरांचा वेगळा. झोपायला एक फळी आणि पेंढा भरलेल्या तीन उशा, आधी भाव अडीच डॉलर, गाडी सुटेपर्यंत दीडवर आला. गोरे उतारू चिन्यांच्या डब्याला वास येतो म्हणून नाकं मुरडत असतात. स्टीव्हन्सन सरळ लिहितो की तिन्ही डब्यांत चिन्यांचाच सगळ्यांत ताजा होता, वास मारत होते ते आपले गोरे लोकच. चिन्यांविरुद्धचा द्वेष अमेरिकेत ऐन भरात असतानाचं हे निरीक्षण आहे. त्याच्या शब्दांवर माझा विश्वास बसला तो इथे.

निबंधांसाठी 'व्हर्जिनिबस प्युरिस्क' हा १८८१ चा संग्रह घ्या. फडके-काणेकरांच्या लघुनिबंधांची गोडी असेल तर 'ॲन अपॉलजी फॉर आयडलर्स' आणि 'वॉकिंग टूर्स' लगेच रुचतील. पायी भटकंती एकट्यानेच करावी, हा त्याचा हट्ट मला पूर्ण पटतो. 'व्हर्जिनिबस प्युरिस्क' हा शीर्षकनिबंध लग्नाविषयी आहे, तो आज जुनाट वाटतो, सोडलात तरी चालेल. 'ऑर्डर्ड साउथ' मात्र सोडू नका. डॉक्टरांच्या सांगण्यावरून हवापालटासाठी तो फ्रान्सच्या दक्षिण किनाऱ्यावर मेंतॉंला राहिला होता, वय जेमतेम तेवीस. समोरचं दृश्य सुंदर आहे हे बुद्धीला कळतं, पण आपल्यापुरतं ते सुंदर उरलेलं नाही, ही आजारी माणसाची अवस्था त्याने नेमकी पकडली आहे. लांबलेलं आजारपण काढलेल्या कुणालाही ती ओळखीची वाटेल.

हे सगळं लेखन प्रताधिकारमुक्त असल्याने प्रोजेक्ट गुटेनबर्ग या संकेतस्थळावर फुकट मिळतं. इंग्रजी जुन्या वळणाचं आहे, वाक्यं लांब आहेत, त्यामुळे पहिली दहा-वीस पानं रेटावी लागतील.