‘हॉटेल कॅलिफोर्निया’ पन्नाशीला आलं तरी अजून का वाजतं?

तुमचा प्रश्न असा की, ईगल्स या अमेरिकन रॉक बँडचं ‘हॉटेल कॅलिफोर्निया’ पन्नास वर्षांचं व्हायला आलं, तरी पबमध्ये, कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये, गिटारच्या क्लासात तेच का ऐकू येतं? वर तुम्ही म्हणता, शब्द तर कुणालाच धड कळत नाहीत. खरंय. हॉटेल म्हटलं की आम्हाला मिसळ आणि कटिंग आठवायची, त्या वयात मी हे गाणं पाठ केलं. कळलं काहीच नव्हतं, तरी पाठ झालं. माझं उत्तर तिथूनच सुरू होतं.

१९९६ साली पुण्यात हॉस्टेलवर आम्हा चौघांत मिळून एक जुनी, गिवसन या देशी कंपनीची गिटार होती. तारा इतक्या उंच, की बार कॉर्ड धरला, म्हणजे एका बोटाने सगळ्या तारा दाबल्या, की बोटावर वळ उठायचा. कॅपो, म्हणजे सगळ्या तारा एकदम दाबून पट्टी चढवणारा चिमटा, घ्यायला पैसे नव्हते, म्हणून एका सीनियरने गिटारच्या दांडीवरच्या सातव्या फ्रेटवर (घरावर) शिसपेन्सिल आडवी ठेवली आणि दोन्ही टोकांना रबरबँड करकचून गुंडाळलं. पेन्सिल षटकोनी, त्यामुळे पहिली तार जरा खडखडायची. पण मग ई मायनर, बी सेव्हन, डी, ए, सी, जी, ए मायनर आणि परत बी सेव्हन, एवढं धरलं की झालं. आठ घरं, त्यात एक बी सेव्हन सोडला तर सगळे पहिल्या महिन्यात शिकवतात ते कॉर्ड. आणि कानाला ऐकू येतं ते थेट रेकॉर्डवरचं गाणं!

पुढे कळलं की आमचा जुगाड जुगाड नव्हताच. रेकॉर्डवरही बारा तारांच्या गिटारला सातव्या फ्रेटवर कॅपो लावूनच ते वाजवलंय. चाल बांधली बँडचा गिटारवादक डॉन फेल्डरने, मालिबूच्या समुद्रकाठी भाड्याने घेतलेल्या घरात. बँडने आधी गाणं ई मायनरमध्ये वाजवून पाहिलं, पण ती पट्टी गायक डॉन हेन्लीच्या गळ्याला फार उंच पडली, म्हणून उतरवून बी मायनरला आणली. बोटं मात्र ई मायनरचीच राहिली, कॅपो तेवढा वर सरकला.

माझ्या मते गाणं टिकायचं अर्धं कारण इथे आहे. ऐकणाऱ्यांनी एखादं गाणं दहा-पंधरा वर्षं चालवलं, तरी खूप झालं. त्यानंतर ते वाजवणाऱ्यांच्या हातात असतं. पोरगं पहिल्या महिन्यात याचे कॉर्ड धरतं, सहा महिन्यांत एकेक तार छेडून सुरुवातीचा तुकडा वाजवतं, दोन वर्षांनी सोलोला, म्हणजे गाणं थांबून नुसत्या गिटारी बोलतात त्या तुकड्याला, हात घालतं आणि तिथे अडकून बसतं. मी अजून अडकलेलोच आहे. सोपं गाणं चार दिवसांत सुटतं, अवघड गाण्याच्या वाटेला कुणी जात नाही. हे मधलं आहे.

आता तो सोलो. दोनेक मिनिटांचा, फेल्डर आणि बँडचा दुसरा गिटारवादक जो वॉल्श या दोघांचा. आधी आळीपाळीने, मग दोघं मिळून. लोकांना वाटतं त्या क्षणी सुचलं ते वाजवलंय. तसं नाही. फेल्डरनेच सांगितलेला किस्सा आहे. मायामीच्या क्रायटेरिया स्टुडिओत रेकॉर्डिंगच्या वेळी त्याने सोलो नव्याने वाजवायला घेतला, तर हेन्ली म्हणाला, तुझ्या डेमो टेपवर आहे तस्साच हवा. फेल्डरला तो आठवेना, आणि टेप राहिलेली मालिबूच्या घरी. मग घरकाम सांभाळणाऱ्या बाईंना फोन लावला. त्यांनी टेपरेकॉर्डर फोनजवळ धरून ती वाजवली, आणि मायामीत फोनवरून आलेलं ते रेकॉर्ड करून याने आपलाच सोलो परत शिकून घेतला. हेन्लीचा हट्ट योग्यच होता. तो सोलो बंदिशीसारखा ठरलेला आहे, म्हणून तो गाता येतो. एकही इंग्रजी ओळ न येणारे लोक सोलो मात्र तोंडाने अथपासून इतिपर्यंत म्हणतात, हे मी गोव्यातल्या शॅकमध्ये डोळ्यांनी पाहिलंय.

(जाता जाता: त्याच वेळी त्याच स्टुडिओत शेजारच्या खोलीत ब्लॅक सॅबथ या हेवी मेटल बँडचं रेकॉर्डिंग चालू होतं. त्यांचा आवाज भिंतीतून यायचा आणि ईगल्सना मध्येच थांबावं लागायचं.)

दुसरं कारण स्वरांचं. माझी आत्या भजनी मंडळात पेटी वाजवायची. सुट्टीत घरी बसून मी तेच तेच घोटत होतो, तर ती म्हणाली, “अरे, तू दोन्ही निषाद लावतोयस की चुकतोयस?” मी पेटीवर लावून बघायला सांगितलं. कॅपोमुळे ऐकू येते ती पट्टी बी मायनर, म्हणून बी ला सा धरा. दुसऱ्या कॉर्डात, म्हणजे बोटं बी सेव्हनची पण ऐकू येतो त्या एफ शार्पमध्ये, शुद्ध निषाद येतो, आणि पुढच्याच ए मध्ये तो कोमल होतो. ई मध्ये धैवत शुद्ध, लगेच जी मध्ये कोमल. दोन्ही धैवत, दोन्ही निषाद, पिलू रागात येतात तसे. आत्याला ते एकदम आपलं वाटलं. राग वगैरे काही नाही, हे मान्य. पण सरळसोट पाश्चात्त्य मायनर गाण्यापेक्षा हे आपल्या कानाला जवळचं लागतं, ते बहुतेक या हेलकाव्यामुळे. त्यात ठेका रेगेच्या, म्हणजे जमैकातल्या संगीताच्या, अंगाने जाणारा. शब्द नव्हते तेव्हा बँडमध्ये त्या चालीचं कामचलाऊ नावच ‘मेक्सिकन रेगे’ होतं.

आकडे हवेच असतील तर: अल्बम ८ डिसेंबर १९७६ ला आला. गाणं १९७७ च्या मे महिन्यात अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेलं, तेही एकच आठवडा! १९७८ मध्ये रेकॉर्ड ऑफ द इयरचं ग्रॅमी मिळालं, आणि घ्यायला बँड गेलाच नाही. साडेसहा मिनिटांचं गाणं रेडिओसाठी कापा म्हणून कंपनी मागे लागली होती, यांनी ऐकलं नाही. २०१८ मध्ये अल्बमच्या अमेरिकेतच २ कोटी ६० लाख प्रतींची नोंद झाली होती.

शब्दांबद्दल थोडक्यात. असं हॉटेल नाही. कव्हरवरचा फोटो बेव्हर्ली हिल्स हॉटेलचा आहे. सैतानाची पूजा, वेड्यांचं इस्पितळ वगैरे अफवा पूर्वी कॅसेटबरोबर फिरायच्या, आता व्हॉट्सॲपवर फिरतात. हेन्लीने वेळोवेळी सांगितलंय ते साधं आहे: भाबडेपणाकडून अनुभवाकडे जाणारा प्रवास, आणि त्या काळच्या लॉस एंजेलिसमधली पैसा, नशा आणि चैनीची हाव. रात्री थकलेला प्रवासी दिवा बघून आत शिरतो आणि मग सुटका नाही, एवढी गोष्ट कुठल्याही गावात कळते. वेताळ-पंचविशी ऐकत वाढलेल्याला तर नक्कीच.

आपल्याकडे या गाण्याला दुसरा जन्म दिला तो स्पीकरच्या दुकानांनी, असं माझं ठाम मत आहे. १९८० मध्ये फुटलेला बँड १९९४ ला पुन्हा एकत्र आला, आणि त्या मैफलीत हे गाणं त्यांनी नायलॉनच्या तारांवर नव्याने बांधलं. ‘हेल फ्रीझेस ओव्हर’ नावाच्या त्या अल्बममध्ये सुरुवातीला ड्रमचा एक खोल ठोका येतो. मी २००४ मध्ये होम थिएटर घ्यायला चार दुकानं फिरलो, त्यातल्या तीन ठिकाणी हीच सीडी लावली. विक्रेता तो ठोका येईपर्यंत बोलत नाही, आला की माझ्या चेहऱ्याकडे बघतो. पोट थरथरलं की सौदा पक्का. घरोघरी गाणं पोचलं ते असं. मला विचाराल तर जुनंच सरस. नव्यात सफाई आहे, पण जुन्यातली ती रात्रीची भीती नाही.

तुम्हीही जुनंच ऐका, हेडफोन लावून. सव्वाचार मिनिटांच्या पुढे सोलो सुरू होतो. त्यानंतर ध्रुवपद परत येत नाही. दोन गिटारी त्याच आठ कॉर्डांवरून फिरत राहतात आणि आवाज हळूहळू विरतो. आत्या म्हणाली होती, “सा वर न येताच संपलं की रे!”

तिचं ते वाक्य मला गॅदरिंगला स्टेजवर आठवलं. सगळं बसवलं होतं, शेवट सोडून. कॅसेटमध्ये विरत जातं, स्टेजवर कसं विरवायचं? मी ड्रमरकडे बघतोय, तो माझ्याकडे, आणि एफ शार्प आला की आम्ही परत पहिल्यापासून. चार जास्तीची आवर्तनं झाली. शेवटी पडद्याच्या दोरीपाशी बसलेल्या काकांनीच पडदा पाडला.