हॉलिवूडच्या वेस्टर्न पिक्चरमधला एखादा स्टंटमन पुढे खरंच मोठा नट झालाय का?

झालाय ना, बेन जॉन्सन. पिक्चर लावायचा जॉन वेनसाठी आणि नजर जायची मागच्या घोड्यावरच्या या माणसाकडे, असं माझं कित्येकदा झालंय.

1918 साली ओक्लाहोमात जन्मला, रँचवर गुरं सांभाळत वाढला, वडीलही रोडिओतले, म्हणजे गुराख्यांच्या कसरतींच्या स्पर्धेतले चॅम्पियन, पळत्या बैलाच्या शिंगात दोर टाकून त्याला पाडायचं वगैरे. ॲक्टिंगशी काडीचा संबंध नाही. निर्माता हॉवर्ड ह्यूजला 'द आउटलॉ' पिक्चरसाठी घोडे लागत होते, ते पोचवायला हा गेला आणि तिकडेच राहिला कारण रँचपेक्षा पैसा कितीतरी जास्त होता. पुढची काही वर्षं घोडे सांभाळ, हिरोचा डुप्लिकेट म्हणून पड, हेच काम.

मग डायरेक्टर जॉन फोर्डचा 'फोर्ट अपाचे', 1948 चा. यात तो हेन्री फोंडाचा डुप्लिकेट होता. शूटिंग चालू असताना घोडे उधळले, मागे वॅगन आणि वॅगनमध्ये माणसं, हा घोड्यावर होताच, टाच मारली आणि गाठून वॅगन थांबवली. फोर्ड म्हणाला तुला याचं बक्षीस मिळेल. याला वाटलं अजून एखादं डुप्लिकेटचं काम देईल फारतर, हातात पडलं सात वर्षांचं काँट्रॅक्ट. तो स्वतः सांगायचा की आठवड्याला 5000 डॉलर हा आकडा दिसला तिथेच वाचायचं थांबवलं आणि सही करून टाकली.

आता तुम्हाला त्याची खरी ताकद बघायची असेल तर 'शी वोअर अ यलो रिबन' (1949) मध्ये सार्जंट टायरी झालेल्या जॉन्सनच्या पाठलागाचा सीन बघा. घोडा भरधाव सुटलाय आणि हा माणूस खोगिरावर जराही उडत नाही, पाठ सरळ, लगाम सैल, मांड अशी की घोडा नि माणूस वेगळे वाटतच नाहीत. बाकीच्या नटांचं काय होतं की लांबून डुप्लिकेट पळतो आणि जवळून हिरोचा चेहरा दाखवतात, इथे कट करायची गरजच नाही, कॅमेरा पाहिजे तेवढा वेळ त्याच्यावर ठेवा. 'रिओ ग्रांदे' (1950) मध्ये तर दोन घोड्यांच्या पाठीवर एकेक पाय ठेवून उभ्याने पळवतो, तेही स्वतः. माझ्या मते हीच त्याची ॲक्टिंग होती, ज्या माणसाला ते काम खरंच येतं त्याला कॅमेऱ्यासमोर वेगळं काही करून दाखवावं लागत नाही.

पण 'रिओ ग्रांदे'च्या सेटवर फोर्डशी बिनसलं आणि पुढे बरीच वर्षं त्याने याला घेतलंच नाही. 1953 ला तर हा चक्क पिक्चर सोडून रोडिओत उतरला आणि टीम रोपिंगचा, म्हणजे दोघांनी मिळून दोराने बैल पकडायच्या खेळाचा, वर्ल्ड चॅम्पियन झाला, पैसे मात्र काहीच उरले नाहीत, म्हणून परत हॉलिवूड. रोडिओच्या आधी केलेला 'शेन' असो की नंतरचा 'द वाइल्ड बंच' (1969), सगळे बाजूचेच रोल, पण कुठलाही बघा, माणूस खोटा वाटत नाही.

आणि मग 'द लास्ट पिक्चर शो' (1971). आधी नाहीच म्हणाला, स्क्रिप्टमध्ये शिव्या फार आहेत म्हणून, शेवटी डायरेक्टर बोगदानोविचने फोर्डला मध्ये घालून त्याला राजी केलं. म्हणजे ज्याच्याशी भांडण झालं होतं त्याच्याच शब्दाखातर तयार झाला, हे मला फार भारी वाटतं. टेक्ससमधल्या ओसाड होत चाललेल्या गावातला सॅम, थिएटरचा मालक, रोल छोटासाच. पाण्याच्या काठावर बसून तो जुन्या प्रेमाबद्दल बोलतो तो सीन बघा. घोडा नाही, बंदूक नाही, आवाजही चढत नाही, तरी उठवत नाही तुम्हाला तिथून. त्या रोलसाठी सहाय्यक अभिनेत्याचं ऑस्कर मिळालं.

याकिमा कनटला पण ऑस्कर आहे, आणि स्टंटमन म्हणून तो अजून मोठा, पण ते मानद होतं, अभिनयाचं नाही. दुसरं नाव रिचर्ड फार्न्सवर्थ, त्याने तर कित्येक वर्षं नुसते स्टंट केले आणि 'द स्ट्रेट स्टोरी' (1999) साठी ऐंशीच्या उंबरठ्यावर मुख्य अभिनेत्याचं नॉमिनेशन मिळवलं. जॉन्सनचे बघायचे असतील तर आधी 'यलो रिबन' बघा आणि मगच 'लास्ट पिक्चर शो', उलटं करू नका, घोड्यावरचा जॉन्सन आधी बघितलेला असेल तर त्या काठावर बसलेल्या म्हाताऱ्याचं बोलणं जास्त लागतं.