दोन संस्कृतींत वाढलेल्या नर्तकाने स्वतःच्या ओळखीवर लघुपट करताना रंगमंचावरील नृत्यच चित्रित करावे का?

आपण विचारले आहे की, दोन भाषांच्या घरात वाढलेल्या नर्तकाला ‘मी नेमका कुठला’ या प्रश्नावर लघुपट करायचा असेल, तर मंचावरील सादरीकरण चित्रित करणे पुरेसे आहे का. मी स्वतः नृत्यांगना आहे आणि नेमकी हीच चूक करून बसले होते, म्हणून स्पष्ट लिहिते: सादरीकरण जरूर चित्रित करावे, पण लघुपटाचा भार त्याच्यावर टाकू नये.

मंचावर आपण प्रेक्षकाला आपली ओळख पटवून देत असतो. तिथली प्रत्येक हालचाल वर्षानुवर्षे घोटलेली, निःशंक असते आणि आपला विषय तर शंकेचा आहे. माझ्या पहिल्या लघुपटात मी पूर्ण वेशभूषेत, उत्तम प्रकाशयोजनेत नाचले. संकलनाला बसल्यावर ते सगळे पर्यटनाच्या जाहिरातीसारखे दिसू लागले. कामी आले ते तालमीत कॅमेरा चुकून सुरू राहिल्यामुळे मिळालेले चित्रण. त्यात मी पावले घरच्या भाषेत मोजते आहे आणि सातव्या पावलावर तोल जाताच तोंडून निघालेला उद्गार मात्र दुसऱ्या भाषेतला आहे. असा संवाद मला लिहून सुचला नसता. (त्या उद्गाराला उपशीर्षक द्यावे की नाही यावर आम्ही दोन दिवस घालवले आणि शेवटी दिले नाही, ज्यांना ती भाषा येत नाही, त्यांनाही क्षणभर उंबऱ्याबाहेर उभे राहू दे, असा विचार केला.)

संकलन काय साधू शकते, हे पाहण्यासाठी प्रायोगिक चित्रपट करणाऱ्या अमेरिकन दिग्दर्शिका माया डेरेन यांचा १९४५ मधील ‘अ स्टडी इन कोरिओग्राफी फॉर कॅमेरा’ हा जेमतेम काही मिनिटांचा मूकपट अवश्य पाहावा. त्यात नर्तक टॅली बीटी यांनी झाडीत उचललेला पाय खाली टेकतो तो एका खोलीत. हालचाल अखंड राहते आणि ठिकाण बदलते; दोन ठिकाणी वाढलेल्या शरीराची अवस्था इतक्या थोडक्यात मांडणे मंचावर शक्य नाही. डेरेन स्वतः कीव्हमध्ये जन्मलेल्या आणि लहानपणीच अमेरिकेत आलेल्या होत्या. पुढे १९४७ पासून त्यांनी कॅरिबियनमधील हैती देशात व्होडू या तिथल्या धर्माच्या विधींमधल्या नृत्यांचे चित्रण केले. पण मनात योजलेला चित्रपट त्यांच्या हातून पूर्ण झाला नाही, त्याऐवजी १९५३ मध्ये त्याच विषयावरचा त्यांचा ग्रंथ आला. समोरचे वास्तव आपल्या कलात्मक रचनेला जुमानत नाही, याची कबुली त्यांनी त्याच्या प्रस्तावनेत दिली आहे. मला त्यांचे हे थांबणे अधिक मोलाचे वाटते.

घरच्या मंडळींना चित्रपटात आणणार असाल, तर संकलित भाग त्यांना आधी दाखवावा. माझ्या मावशीने एक प्रसंग काढायला लावला. त्या जागी मी काळा पडदा आणि त्याच खोलीतल्या शांततेचा आवाज ठेवला आहे.