लग्नाचे व्हिडिओ एडिट करणाऱ्याला शॉर्टफिल्म जमेल का?

प्रश्न : सर नमस्कार, मी सांगलीत विश्रामबागला एका स्टुडिओत लग्नाचे व्हिडिओ एडिट करते, सिझनला रात्र रात्र बसावं लागतं. आता ओळखीतल्या एकानं शॉर्टफिल्म एडिट करशील का म्हणून विचारलंय. पण स्टुडिओतले सगळे म्हणतात की लग्नवाल्यांना गोष्ट सांगता येत नाही, एकच लाइन धरून राहा. खरंच असं असतं का?
– एक वाचक, सांगली

उत्तर : ताई, काम घ्या, आधी हो म्हणून टाका मग बाकीचं वाचा.

अ‍ॅन कोट्स या ब्रिटिश एडिटर बाई, जन्म १९२५ चा. आधी नर्स होत्या, प्लास्टिक सर्जरीसाठी गाजलेल्या हॉस्पिटलात, मग फिल्मलाइनमध्ये आल्या आणि 'लॉरेन्स ऑफ अरेबिया'साठी (१९६२) ऑस्कर मिळवलं. आता एवढ्या भव्य वाळवंटी पिक्चरनंतर कुणीही तसलीच कामं धरली असती, पण यांनी पुढं अगाथा ख्रिस्तीची रेल्वेतल्या खुनाची गोष्ट एडिट केली (१९७४), मग ब्लॅक अँड व्हाइट 'द एलिफंट मॅन' (१९८०), मग 'इन द लाइन ऑफ फायर' हा थ्रिलर (१९९३), 'एरिन ब्रोकोविच' (२०००) आणि २०१५ ला 'फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे' आला तेव्हा बाई ८९ वर्षांच्या होत्या! २०१६ ला मानद ऑस्कर, २०१८ ला गेल्या.

लॉरेन्समधला एक कट मात्र नीट बघाच. लॉरेन्स पेटती काडी तोंडाजवळ धरतो, फुंकर मारतो आणि थेट वाळवंटातला सूर्योदय. मुळात तिथं डिझॉल्व्ह ठरला होता, म्हणजे एक चित्र विरत दुसरं येणार. पण तेव्हा डिझॉल्व्ह लॅबमधून करून आणावा लागायचा, तोवर दोन तुकडे सरळ जोडून बघितले आणि बाईंना आणि डायरेक्टर डेव्हिड लीनना ते तसंच भावलं, मग एकदोन फ्रेम कमी करून तोच ठेवला. याउलट 'आउट ऑफ साइट'मध्ये (१९९८) बारमधलं बोलणं आणि नंतरचं हॉटेलच्या खोलीतलं दृश्य त्यांनी एकमेकांत गुंफलंय, मधेच चित्र क्षणभर थांबतं सुद्धा. सत्तरी ओलांडलेली बाई हे करते, मला तर फार भारी वाटतं.

माझं मत विचाराल तर पिक्चरची जात बदलली तरी माणसाच्या चेहऱ्यावर कधी थांबायचं आणि कधी निघायचं हे बदलत नाही, आणि ते तुम्ही रोज करताय. अंतरपाट खाली येतो तेव्हा नवरीच्या डोळ्यांवर थांबायचं की आईकडं जायचं, अक्षता पडेपर्यंत धरायचं की आधीच सोडायचं, हे ठरवणं म्हणजे गोष्ट सांगणंच की हो. फक्त तिथं फुलं उडणारे, पान उलटणारे इफेक्ट गिऱ्हाइकाला लागतात म्हणून टाकता, ते शॉर्टफिल्मला अजिबात वापरू नका, पहिला कच्चा कट निव्वळ सरळ कट मारून करा आणि गाणं न लावता बघा, कुठं कंटाळा येतो ते लगेच कळतं.

आणि सुरू करायच्या आधी स्क्रिप्ट आणि सगळं रॉ फुटेज मागून घ्या, निवडलेलेच शॉट देतो म्हणाले तर नाही म्हणा, कलाकारानं चांगली नजर कधीकधी 'अ‍ॅक्शन' म्हणायच्या आधीच देऊन झालेली असते.