शाळेची जागा: पाच निवेदनं दिली, पोच एकाचीही नाही

भाऊ, जिल्हा परिषदेच्या शाळेची पडकी इमारत सोडून नवी इमारत नाल्यापलीकडे दीड किलोमीटरवर मंजूर झाली, आता हायकोर्टात जावं की आधी साहेबांना भेटत राहावं, असं तुम्ही विचारलंय. वाचून रात्रभर झोप लागली नाही. आर्वीकडच्या आमच्या गावात हेच झालं होतं. मी वकील नाही, कास्तकार आहे. कायद्याचं जे लिहितो ते वकिलाकडून तपासून घ्या.

भेटत राहू नका. आम्ही तेच केलं आणि तिथंच बुडालो. एका कार्यालयात आम्ही जून ते ऑक्टोबर पाच निवेदनं दिली. दर वेळी टेबलावरचा बाबू कागद घ्यायचा, काचेखाली सरकवायचा आणि म्हणायचा, "ठेवा, साहेबांपुढे टाकतो." दुसरी प्रत नेली नव्हती, शिक्का मागितला नाही, आवक क्रमांक घेतला नाही. मोठ्या साहेबांनी तर चहा पाजून सांगितलं, तुमचं ऐकल्याशिवाय कुदळ पडणार नाही. गावात येऊन मी हे सगळ्यांना सांगितलं. दिवाळीनंतर जेसीबी आला, संक्रांतीला जोतं वर होतं.

मग आम्ही नागपूर खंडपीठात गेलो. जागेचा आदेश कधी निघाला, तुम्हाला कधी कळला, हरकत कुठं घेतली, हेच विचारलं गेलं. आवक रजिस्टरला आमचं एकही निवेदन नव्हतं. कार्यारंभ आदेश, म्हणजे ठेकेदाराला काम सुरू करायचा हुकूम, निघालेला, निम्मा पैसा खर्च झालेला. उशीर आमच्या अंगावर आला, याचिका टिकली नाही.

दुसरं, "आमची जागा चांगली, त्यांची वाईट" यावर पानं भरू नका. राज्यघटनेच्या कलम 226 खाली हायकोर्ट जागा निवडून देत नाही. निर्णय कसा झाला, नियम पाळला का, लक्षात घ्यायच्या गोष्टी घेतल्या का, एवढंच बघतं. आम्ही "राजकीय हेतूने" हे शब्द नऊ वेळा लिहिले होते. ज्याच्यावर तसा आरोप आहे त्याला नावानिशी पक्षकार करावं लागतं, पुरावा द्यावा लागतो. आमच्याकडे काहीच नव्हतं.

तुमचा खरा मुद्दा अंतराचा आहे. शिक्षण हक्क कायदा 2009 चा, त्याखालचे राज्याचे नियम 2011 चे. पहिली ते पाचवीसाठी शाळा 1 किलोमीटर चालण्याच्या अंतरात हवी, सहावी ते आठवीसाठी 3. चालण्याच्या, हे वकिलाला ठासून सांगा. नकाशावरची सरळ रेघ पोरं चालत नाहीत. आम्ही टेप धरून पांदणीनं मोजलं, पण भाद्रपदात, सगळं होऊन गेल्यावर. नाल्यात माझ्या मांडीपर्यंत पाणी होतं आणि भावाची पोरगी दप्तर डोक्यावर धरून काठावरच उभी राहिली. तुम्ही आताच मोजा, फोटो काढा, पंचांच्या सह्या घ्या. ग्रामसभेचा ठराव करून प्रोसिडिंगची खरी नक्कल हातात घ्या.

सातबाराही बघा. आपल्याकडे ई-क्लास, म्हणजे सरकारी चराईची जमीन, समजून ज्यावर बांधायला जातात ती जमीन पुष्कळदा झुडपी जंगल निघते. ती वनजमीन आहे, हे सर्वोच्च न्यायालयानं 2025 मध्ये पुन्हा स्पष्ट केलंय. परवानगी घेतली का, हा प्रश्न रास्त आहे. पण तुम्ही सुचवाल ती जागाही तशीच निघू शकते, म्हणून आधी आपली तपासा.

नस्ती, म्हणजे कार्यालयातली फाईल, बघायला माहिती अधिकारात 30 दिवस थांबायची गरज नाही. जिल्हास्तरावरच्या कार्यालयांत दर सोमवारी दुपारी 3 ते 5 अभिलेख बघू द्यावेत, असा 2018 चा शासन आदेश आहे. खळखळ करतात, पण अडून बसा. टिपणीत जागेची कारणं काय लिहिलीत ते उतरवून घ्या. अंतराचा उल्लेखच नसेल तर तो कागद सोन्याचा आहे.

पैशाचं म्हणाल तर अर्जदार म्हणून एखाद्या आईचं नाव घ्या. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातीच्या माणसांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. नागपूरला हायकोर्टाची विधी सेवा उपसमिती आहे. आम्हाला हे कोणी सांगितलं नाही. मी त्या वर्षीची तूर विकून फी भरली.

कार्यारंभ आदेश निघालाय का, हे उद्याच बघा आणि इथं लिहा. निघाला नसेल तर पेरणीची वाट न बघता याच आठवड्यात नागपूर गाठा. निवेदन मात्र जाताना देऊन जा, दोन प्रतींत, शिक्का आणि तारीख घेऊन.