ग्रीसमध्ये एकच साउंड इंजिनिअर सिनेमा आणि गाण्यांचं रेकॉर्डिंग दोन्ही का आणि कसं करतो? त्यासाठी काय शिकावं?

मुख्य कारण पोटापाण्याचं. एक कोटीच्या आसपास लोकसंख्येच्या देशात नुसत्या शूटिंगच्या कामावर वर्ष निघणं कठीण. शिवाय परंपराही तशीच आहे. 1943 मध्ये ‘फिनोस फिल्म’ ही चित्रपट कंपनी काढणारे फिलोपीमिन फिनोस मुळात आवाजातलेच माणूस होते.

गाण्याच्या बाजूला बुझुकी, म्हणजे लांब मानेचं ग्रीक तंतुवाद्य, नीट रेकॉर्ड करता आली पाहिजे. जुन्या वाद्याला तारांच्या तीन जोड्या, रे-ला-रे (पाश्चात्त्य D-A-D) अशा लावलेल्या. चार जोड्यांचं वाद्य मानोलिस हियोतिसने 1950 च्या दशकात लोकप्रिय केलं. लहान डायफ्रामचा (आवाज टिपणाऱ्या पडद्याचा) कंडेन्सर हा संवेदनशील माइक 25-30 सेंटिमीटरवर ठेवा आणि मान जिथे पोटाला मिळते तिकडे रोखा. थेट भोकासमोर धरलात तर खालचा आवाज घुमतो आणि नखीची टकटक वर येते. बुझुकीचा चरचरीतपणा 3-4 किलोहर्ट्झच्या आसपास असतो, आणि गायकाची व्यंजनंही तिथेच. त्यामुळे शब्द बुडाले की गायकाला वर ढकलू नका, बुझुकी तिथे 2-3 डेसिबल कापा.

सिनेमात खरी परीक्षा उन्हाळ्यात. जुलै-ऑगस्टमध्ये एजियनवर मेल्तेमी वारा सुटतो. माइकवर ब्लिंप (वारा अडवणारा जाळीदार पिंजरा) आणि त्यावर केसाळ कव्हर हवंच. निव्वळ लो-कटच्या (खालचा घुमारा कापणाऱ्या फिल्टरच्या) भरवशावर राहू नका. वाऱ्याने माइकच्या आतली, आवाज टिपणारी कॅप्सूलच ओव्हरलोड झाली, तर पुढचा फिल्टर काय करणार? त्याहून छळवादी म्हणजे पाइन आणि ऑलिव्हच्या झाडांवरचे सिकाडा, म्हणजे किरकिरणारे कीटक. ऊन चढलं की किरकिर वाढते, ढग आला की बसते. सकाळचा आणि दुपारचा टेक जोडला की कट कानाला बोचतो. म्हणून प्रत्येक सेटअपनंतर, प्रत्येक जागी, किमान एक मिनिट नुसता परिसराचा आवाज घ्या, तो कटखाली घालता येतो. संवाद फारच बुडत असतील तर नटांना सावलीत नेऊन, माइक तोंडाजवळ धरून, ते लगेच पुन्हा वदवून घ्या. हे डबिंगपेक्षा स्वस्त पडतं आणि श्वासही जुळतो.

दोन्ही क्षेत्रांत ये-जा करणारे बहुतेकदा फसतात ते घड्याळात, म्हणजे सेकंदाला आवाजाचे किती नमुने घेतले जातात त्या वेगात. संगीत स्टुडिओची फाइल 44.1 किलोहर्ट्झची, सिनेमाची 48 ची. रूपांतर न करता ती 48 वर वाजली, तर तीन मिनिटांचं गाणं सुमारे 165 सेकंदांत संपतं आणि सूर जवळपास दीड स्वरार्ध (हार्मोनियमच्या लगतच्या दोन पट्ट्यांमधलं अंतर म्हणजे एक स्वरार्ध) चढतो. हे लगेच कळतं. सेकंदाला 24 फ्रेमचा चित्रपट टीव्हीसाठी 25 वर पळवला, की सूर 0.7 स्वरार्धाने चढतो. तो मात्र घाईत निसटतो. सेटवर प्लेबॅक (नटांसाठी वाजवलेलं आधीचं रेकॉर्डिंग) लावण्याआधी फाइलची लांबी सेकंदांत लिहून घ्या आणि तिथे स्टॉपवॉच लावून पडताळा.

सुरुवात बूम, म्हणजे माइक लावलेली लांब काठी, धरण्यापासून करा. माइक कुठे ठेवायचा हे हाताला तिथेच कळतं, आणि तोच हात पुढे स्टुडिओत गायकासमोर कामाला येतो.